भैरोबाच्या देवळात पाद्री

मी देव मानत नाही आणि हे कुजबुजत सांगत नाही. गुरवाच्या घरात जन्मले, त्यामुळे देवाची भीती फार लवकर मोडली. शेंदूर आमच्याच पडवीत कालवला जायचा आणि नैवेद्याची पोळी आमच्याच तव्यावर फुगायची. तात्या, म्हणजे माझे वडील, श्रीगोंद्याकडच्या आमच्या गावात भैरोबाची पूजा करतात. मी सुप्याला एका कंपनीत नोकरी करते, नगरला राहते आणि रविवारी पाच-दहा डोकी जमवून जुने परदेशी काळे-पांढरे सिनेमे दाखवते. संथ सिनेमे. पडद्यावरचा माणूस दारातून आत येऊन बसेपर्यंत आपला चहा संपतो. मला ते जिवापाड आवडतात.

या सिनेमांत श्रद्धा हरवलेले पाद्री पैशाला पासरी. त्यामुळे आई लांबलेल्या दुखण्यात गेल्यानंतरच्या दिवाळीत तात्यांनी मला जे सांगितलं, ते ऐकून मला वाटलं, हा आजार तर आपल्या चांगल्याच ओळखीचा.

ओट्यावर बसून ते खाली बघत म्हणाले, “पूजा करतो, पन समोर कोन हाय असं वाटत न्हाई गं. दगडावर पानी घालतोय नुस्तं. गावाला फसवतोय मी.”

खरं तर मला आनंद व्हायला हवा होता. इतकी वर्षं घरात मी एकटीच नास्तिक होते. पण त्यांच्या तोंडाकडे बघून तो झाला नाही. माझ्या न मानण्यानं मला मोकळं केलं होतं, त्यांना त्यांच्या न मानण्यानं पोरकं केलं होतं. त्यांनी ठरवलं होतं, यात्रेच्या आधी गुडघेदुखीचं निमित्त सांगून देवळाची किल्ली गावाच्या हवाली करायची आणि आयुष्यात पुन्हा त्या पायऱ्या चढायच्या नाहीत. मी म्हटलं, सोडायचं तर खुशाल सोडा, पण खोटं का सांगता? गुडघे तर ठणठणीत आहेत. तात्या म्हणाले, “खरं सांगितलं तर लबाड म्हनतील.”

तेव्हा मी औषध काढलं. आपल्यासारखंच दुसऱ्या कुणाचं तरी झालंय हे माणसाला दिसलं की जीव थाऱ्यावर येतो, अशी माझी पक्की समजूत आहे, आणि ती अजूनही बदललेली नाही. थंडीतल्या एका रविवारी प्रोजेक्टर घेऊन मी गावी गेले. तात्यांना एकट्याला घरात तसल्याच एका पाद्र्याचा सिनेमा दाखवणार होते. पण गावात प्रोजेक्टर लपत नाही. दुपारपर्यंत ठरून गेलं की सिनेमा देवळाच्या सभामंडपात, सगळ्यांसाठी. उसाच्या टेम्पोवरच्या ताडपत्र्या आणून खिडक्या झाकल्या. दारात चपलांचा ढीग पडला.

पंचाईत झाली ती चादर बांधताना. गाभाऱ्याच्या दारावर बांधायला गेले तर बायका ओरडल्या, पडदा फक्त नैवेद्याच्या वेळी ओढतात, देव काय दोन तास जेवत बसणार का? बरं, म्हणून समोरच्या टोकाला नेली. आता तात्या उठले. “हितं न्हाई. सगळ्यांची देवाकडं पाठ व्हईल.”

मी त्यांना खांबाआड ओढलं आणि हळूच म्हटलं, “तात्या, तुम्हीच म्हणता ना तिथं कुणी नाही? मग पाठ कुणाकडे?”

ते चिडून म्हणाले, “तू लई शानी हायेस. चादर धर.” शेवटी ती बाजूच्या भिंतीवर लागली. अख्खं गाव भैरोबाला उजव्या खांद्याशी ठेवून बसलं. चित्र निम्मं खांबावर पडत होतं, पण आता कुणाची हरकत नव्हती.

सिनेमा एका बर्फाळ डोंगरगावातला. पाद्र्याचा भाऊ कडा कोसळून मेलेला. पाद्री रोज घंटा वाजवतो, प्रार्थना सांगतो, आणि त्याच्या आत काहीच उरलेलं नाही. मी मोठ्यानं मराठीत सांगत होते, पण सांगण्यासारखं फार नव्हतंच. तो बोलायचाच कमी. शेवटीही तो घंटाच वाजवत असतो आणि चित्र संपतं. देव आहे की नाही, हे कुणी सांगत नाही. मला अशा शेवटांचा अभिमान वाटतो, जणू ते मीच लिहिलेत.

ताडपत्र्या काढल्या. एकीनं विचारलं, एवढ्या थंडीत हे लोक आंघोळ करतात का? हशा पिकला. आणि मग आमचे जुने पोलीस पाटील, ज्यांच्या शब्दाला गावात वजन आहे, ते खणखणीत आवाजात म्हणाले, “मानूस लबाड हाय. मनात देव न्हाई अन् रोज घंटा वाजवतोय. लोकास्नी फसवनं झालं हे.”

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. मी मध्ये बोलणार, तेवढ्यात तात्या उभे राहिले.

“लबाड न्हाई तो,” ते म्हणाले. “भाऊ गेलाय त्याचा. त्याला काय सुचंना झालंय. पाटील, माझंबी तसंच हाय. घरातली गेल्यापास्नं मी हितं उभा ऱ्हातो, अन् मला कायबी वाटत न्हाई. वाटलं तर मलाबी लबाड म्हना.”

मी पाटलांकडे बघत होते. त्यांनी एक वावगा शब्द काढला असता तर मी त्या देवळात, त्या भैरोबासमोर, त्यांच्याशी कडाकडा भांडले असते.

पाटलांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. म्हणाले, “तेरावं घातलं म्हंजे सुतक फिटलंच असं थोडंच हाय. तुमचं फिटलं न्हाई अजून, तात्या. अन् सुतकात गुरवानं पूजा करायची नसती. आमी करतो पाळीनं. तुमाला वाटंल तवा या. न वाटलं तर नका येऊ.” आणि लगेच उद्यापासून कोण, परवा कोण, याची बोलणी सुरू झाली. पहिली पाळी पाटलांनीच घेतली.

मला हा माणूस एकदम आवडला. मी अजूनही देव मानत नाही, पण त्या दिवशी त्या मंडपात जे झालं ते मी मानते, आणि तेही कुजबुजत नाही.

तात्यांनी कमरेची किल्ली सोडली आणि पाटलांच्या हातावर ठेवली. जायला वळले, थांबले, परत फिरले.

“गार पानी घालू नका देवाला. थंडी हाय.”

“व्हय, तात्या. कोमट घालतो. किती कोमट?”

तात्यांनी जरा विचार केला. “आजारपनात घरातलीच्या आंगुळीला काढायचो ना,” ते म्हणाले, “तेवढं.”