पालथे सात दिवस

“किती दिवस चमकतंय?” ठाण्याच्या डोळ्यांच्या हॉस्पिटलमध्ये डॉक्टर मॅडमनी विचारलं.

“नऊ.”

“आणि आज आलीस? अगं, कोणाला सांगितलं नाहीस?”

नव्हतं सांगितलं. उजव्या डोळ्याच्या कडेला बारीक ठिणग्या उडायच्या आणि मला त्या आवडल्याही होत्या. लहानपणी असलं काही दिसलं की मी घरभर सांगत फिरायचे. आता सव्वीस वर्षांची आहे. ऑफिसात हसतील, आणि डोंबिवलीच्या भाड्याच्या खोलीत सांगायला कोणी नाही. कडेने काळी सावली सरकू लागली तेव्हा घाबरले.

मला रेटिनल डिटॅचमेंट झालं होतं. म्हणजे डोळ्याच्या आतला पडदा भिंतीच्या पोपड्यासारखा सुटतो. वेळेत बसवला नाही तर नजर जाते.

दुसऱ्या दिवशी ऑपरेशन झालं. पडदा दाबून धरायला डोळ्यात गॅसचा बुडबुडा सोडला. तो जागेवर राहावा म्हणून सात दिवस पालथं झोपायचं, बसलं तरी मान खाली. “नजर किती परत येईल, आत्ता नाही सांगता येणार,” मॅडम म्हणाल्या.

आई गावाहून आली. तिसऱ्या दिवशी तिला परतावं लागलं. मग शेजारच्या काकू डबा आणायच्या. मला त्यांची फक्त पावलं दिसायची. ती गेली की उरायची मोझॅकची फरशी.

पाचव्या दिवशी तिच्या खड्यांत मला बदक दिसलं. सांगू की नको, असं डबा संपेपर्यंत चाललं.

“काकू, तुमच्या पायाशी बदक आहे.”

काकू किंचाळून मागे सरकल्या. मग वाकल्या. “बदक कसलं गं, किटली आहे ती!”

दुसऱ्या दिवशी दारातूनच म्हणाल्या, “आमच्या मोरीपाशी उंट निघाला.”

तपासणीच्या दिवशी मॅडमनी विचारलं, “काय दिसतंय?” एरवी मी ‘ठीक’ म्हटलं असतं. त्या दिवशी सगळं सांगितलं. खाली गोल बुडबुडा हलतोय, त्याच्या वर तुमचा चेहरा पाण्यातल्यासारखा, दाराची चौकट मधेच वाकलेली. मॅडम लिहीत राहिल्या. “पडदा चिकटलाय,” शेवटी म्हणाल्या. “असंच सांगत जा. आम्हाला आतलं दिसतं, तुला काय दिसतं ते नाही दिसत.”

तुमच्या डोळ्यात कधी ठिणग्या दिसल्या तर त्याच दिवशी कोणाला तरी सांगा. सुंदर असल्या तरी.

बुडबुडा विरला. नजर बरीच आली, पण उजव्या डोळ्याला चौकट अजून वाकडी दिसते. काकूंना सांगितलं, तर त्या एक डोळा मिटून बराच वेळ माझ्या दाराकडे बघत उभ्या राहिल्या.