गफूरचाचा आणि वरची नमुनाखोली

गफूरचाचा रोज सकाळी नमुनाखोलीचं कुलूप काढायचे आणि कामाला हात लावण्याआधी छताच्या पत्र्याकडे बघून कुणाला तरी झापायचे. मी नोकरीला लागले त्या पहिल्याच दिवशी हे पाहिलं. मला वाटलं, पत्र्यावर माकड बसलंय.

जालन्याबाहेरच्या एका बियाणं कंपनीत मी उगवण तपासायचे आणि चाचा नमुने सांभाळायचे. प्रत्येक लॉट बाजारात जाण्याआधी त्यातलं किलोभर बी सुती पिशवीत काढून ठेवायचं, पिशवीला चिठ्ठी लावायची, चिठ्ठीवर माझी आणि चाचांची सही, वर लाखेचं सील. उद्या शेतकऱ्यानं तक्रार केली तर ही पिशवी सगळ्यांसमोर फोडायची आणि आतलं बी उगवतं का ते बघायचं. पद्धत साधी आहे. माणसं सरळ असली तर चालतेही.

चाचा तीर्थपुरीचे. त्यांची पक्की समजूत होती की अशीच एक खोली वरही आहे. दुनिया बनवण्याआधी तिचा कच्चा माल थोडा थोडा काढून तिथे ठेवलाय. एका पिशवीत गोदावरीचं पाणी, एकीत मातीचा वास, एकीत अजून कशातही न मिसळलेला काळा रंग. भुकेची पिशवी वेगळी, लाजेची वेगळी. "अल्लामियाँचा माल चोख हाय मॅडम, बिलकुल चोख," ते म्हणायचे. "मधले कारकून भरताना घोटाळा करून राह्यले." पत्र्याकडे बघून झापायचे ते या कारकुनांना.

त्यांच्या नातीला जन्मापासून ऐकू येत नव्हतं. डॉक्टर म्हणाले, नशीब. चाचा दवाखान्यातच भडकले. "नशीब कशाला म्हन्ता? पोरीच्या कानाचा माल वर तसाच पडून हाय. भरलाच न्हाई कुनी." 'चालायचंच' हा शब्द तर त्यांच्यासमोर उच्चारायची सोय नव्हती. कॅन्टीनमध्ये पातळ डाळ बघून मी एकदा तसं म्हणाले, तर त्यांनी माझं ताट उचललं आणि स्वयंपाक्यासमोर नेऊन आदळलं. "चालायचंच, चालायचंच म्हनून तुमी सगळ्यांनी खराब माल चालवून घेतला," ते मला म्हणाले. त्या दिवशी मला फार लाज वाटली, पण डाळ घट्ट मिळाली.

मग त्या हंगामातलं सोयाबीन आलं. माझ्या तपासणीत निम्मंसुद्धा उगवलं नव्हतं, तरी लॉट विकला गेला. राजूरकडची कौसाबाई कंपनीच्या दारात आली आणि चाचांसमोर तिनं पदराची गाठ सोडली. आत शेतातून उकरलेले कुजके दाणे होते.

"शेजारच्याचं रान हिरवं झालं, माझंच भुंडं राह्यलं," ती म्हणाली. "नवरा गेल्यापासून मीच पेरती. घरचे म्हनून राह्यले, बाईच्या हातानं पेरल्यावर असंच व्हनार."

"तुझ्या हाताला काय झालंय?" चाचा म्हणाले. "पिशवी हाय माझ्याकडं. सगळ्यांसमोर खोलू. बस, अर्ज लिहू."

तक्रारीच्या तपासणीआधी कंपनीच्या साहेबांनी चाचांना केबिनमध्ये बोलावलं आणि पिशवी बदलायला सांगितली. काचेपलीकडून मला सगळं ऐकू येत होतं. "साहेब, मी खालची पिशवी बदलली," चाचा म्हणाले, "तर वरच्या कारकुनाला कोन्त्या तोंडानं बोलू?" साहेबांनी त्यांच्याकडून किल्ल्या काढून घेतल्या.

दुपारी साहेबांनी माझ्या टेबलावर कोरी चिठ्ठी ठेवली. जुनी भिजलीय, सही करा. नमुनाखोलीत थेंबभरही ओल नव्हती, हे मला ठाऊक होतं. मी सही केली. पोटासाठी केली, असं मी पुढे लोकांना सांगत आले. खरं म्हणजे साहेबांनी आवाजसुद्धा चढवला नव्हता.

तपासणीला सरकारी अधिकारी आले. कौसाबाई खुर्ची असून भिंतीशी उभी राहिली. चाचांनी चिठ्ठी उजेडात धरून पाहिली.

"ही सही माझी न्हाई."

अधिकारी माझ्याकडे वळले. "मॅडम, तुमची सही तुमचीच आहे ना?"

"हो," मी म्हणाले. "माझीच आहे."

उत्तर शब्दाशब्दानं खरं होतं. इतकं खरं बोलून इतकं खोटं बोलता येतं, हे मला तेव्हा कळलं. पिशवीतलं बी दणकून उगवलं आणि अहवालात आलं की बाईंनी पेरणी खोल केली.

"मंग माझंच चुकलं असंल," कौसाबाई म्हणाली.

चाचा साहेबांवर नाही, तिच्यावर खवळले. "तू न्हाई चुकली. पुन्हा असं म्हनू नको." त्याच महिन्यात त्यांना कामावरून काढलं. मला पुढे बढती मिळाली.

गेल्या महिन्यात चाचा गेले. मी तीर्थपुरीला चाचींना भेटायला गेले. चाचींनी चहा दिला.

"तुमची याद काढायचे," त्या म्हणाल्या. "बोलायचे, मॅडमचा वरचा नमुना चोख हाय. कारकुनानं भरताना काहीतरी कमी घातलं."

मला त्यांचा राग आला. दुनियेला तक्रार करायला शिकवणाऱ्या माणसानं एकट्या माझ्या वेळी 'चालायचंच' म्हणावं? "चाची, कुणी काही कमी घातलं नव्हतं," मी म्हणाले. "सगळं कळत होतं मला. कळून सही केली मी."

चाचींनी माझ्या हातातला रिकामा कप घेतला.

"हे मला काय सांगू राह्यल्या? मयतीला कौसाबाई आल्ती. त्या सालापासून तिनं हातात बी घेतलं न्हाई. तिला जाऊन सांगा."