काट्याकडे मी बघते

“तू रस्त्याकडे बघ. काट्याकडे मी बघते.”

गाडी महामार्गाला लागली की ती हे म्हणायची, डोक्यावरची टोपी काढून मांडीवर ठेवायची आणि गायला लागायची. काटा म्हणजे माझ्या जुन्या गाडीचा वेगाचा काटा. इथे नेदरलँड्समध्ये रायस्वाइकहून आर्नहेमला जाताना दिवसा ताशी शंभर किलोमीटरची मर्यादा असते आणि मी शंभर म्हणजे शंभरच चालवते. ती नवं गाणं म्हणायची, नजर काट्यावर. माझ्या नकळत काटा खाली आला तर गाणं पास. नाही आला तर ओळ अर्धी टाकून ती खिडकीबाहेर बघायची आणि विचारायची, “डब्यात काय आहे?”

गाणं पारखायची ही रीत तुम्ही कुठे ऐकली नसेल. मीही नव्हती ऐकली. मला गाण्यातलं काही कळत नाही. आरतीच्या वेळी घरचे माझ्या हातात टाळ देतात, म्हणजे मी तोंड जरा कमी उघडते. तिच्या दृष्टीने हीच माझी लायकी होती. “गाणं कळणारी माणसं चेहऱ्याने खोटं बोलतात,” ती म्हणायची. “तुझा पाय खोटं बोलत नाही.”

आमची ओळख इमारतीच्या पार्किंगमध्ये झाली. त्या मंगळवारी रेल्वे बंद होती. खालच्या मजल्यावर राहणारी उंच, काळी, पन्नाशी ओलांडलेली बाई माझ्या गाडीपाशी उभी होती. डोक्यावर रुंद काठाची टोपी, पायात नक्षीचे उंच बूट, हातात गिटारची पेटी. मला वाटलं, मुलांच्या वाढदिवसांना जादूचे प्रयोग करत असेल.

“कुठे?” तिने विचारलं.

“आर्नहेम. ऑफिस.”

“मीपण. गाण्याची शाळा,” असं म्हणून ती पेटी मागे ठेवून बसलीसुद्धा. मी ‘या’ म्हटलं नव्हतं. तिथे ती दर मंगळवारी मुलांना गाणं शिकवायची. रेल्वे दुसऱ्या दिवशी सुरू झाली, पण ती पुन्हा काही रेल्वेने गेली नाही. मला ती ‘बूरव्राउ’ म्हणायची, म्हणजे शेजारीणबाई. माझं नाव तिला येत होतं. पण नावाने हाक मारली की शेजार संपतो, असं तिचं म्हणणं.

आमचं बोलणं इंग्रजीत, मध्येच डच. शिवाय तिला ‘रोटी’, ‘बैगन’ आणि ‘चुप रह’ हे शब्द येत होते. तिचा जन्म दक्षिण अमेरिकेतल्या सुरिनाममधला, पारामारिबो शहरातला, आणि शेजारी सगळे हिंदुस्तानी, पिढ्यांपूर्वी भारतातून तिकडे गेलेले. “एवढ्यावर कुठलाही भारतीय नवरा सांभाळता येईल,” ती म्हणाली. मी म्हटलं, नुसतं ‘चुप रह’ही पुरतं.

ती गायची ते कंट्री. अमेरिकेतल्या खेड्यापाड्यांतलं संगीत. त्यात घोडा असतो, ट्रक असतो आणि सोडून गेलेला नवरा असतो. तिच्याकडे यातलं काहीच नव्हतं. होती ती एक सायकल, आणि नवऱ्याला तिनेच घालवलं होतं. पण सुरिनाममध्ये म्हणे रविवारी घराघरांत हेच लागायचं. वडील जेवण झाल्यावर तबकडी लावायचे आणि कोणाला बोलू द्यायचे नाहीत. ती सात वर्षांची असताना सगळे हेगला आले, वडील ट्रॅम चालवायला लागले, तबकड्याही बरोबर आल्या. मग चर्चमधलं गाणं त्यात मिसळलं. चर्चच्या त्या ढंगातून निघालेल्या काळ्या लोकांच्या गाण्याला सोल म्हणतात, हे तिने मला समजावून सांगितलं. मी समजल्यासारखं केलं. तिने माझ्या पायाकडे बघितलं आणि विषय बदलला.

विशीपासून ती दुसऱ्यांच्या मागे उभी राहून गायली. तबकडीवर आवाज हिचा, फोटो पुढच्या बाईचा. एकदा धीर करून अमेरिकेला गेली. तिथे एका माणसाने तिला अर्धं गाणं ऐकून प्रेमाने सांगितलं, “बाई, तुमचा गाव चुकला. तुमच्यासारख्यांचं गाणं पलीकडच्या शहरात चालतं.” परत आली तर इथले लोक विचारायचे, टोपी गंमत म्हणून घालता का?

पूर्वेकडच्या एका खेड्यात कंट्रीचा मेळावा होता. शनिवार होता म्हणून मीच तिला घेऊन गेले. दारावरच्या माणसाने तिला नीट बघितलं, गिटारची पेटीही बघितली, आणि म्हणाला, “जेवणवाल्यांचं दार मागे आहे.” माझं डोकं फिरलं. मी तोंड उघडणार, तोच तिने माझा दंड धरला. “चुप रह,” ती म्हणाली आणि सरळ मागच्या दाराने आत गेली. तिथे भांडंभर वाटाण्याचं सूप उकळत होतं. दोन वाट्या प्यायली. मग मंचावर जाऊन माइकमध्ये म्हणाली, “नमस्कार. मी आत्ताच स्वयंपाकघरातून आले. सुपात मीठ कमी आहे.” लोक हसले. तिने गायला सुरुवात केली, तसं हसणं थांबलं. शेवटी दारावरचा तो माणूस टाळ्या वाजवत उभा होता. जाताना ती त्याला म्हणाली, “मीठ घाला हं.”

गाडीत बसल्यावर मात्र घर येईपर्यंत ती गायली नाही. डब्यात काय आहे हेही तिने विचारलं नाही.

आणि एवढ्या वर्षांनी तिच्याकडे एक माणूस आला. त्याची रेकॉर्ड कंपनी होती. त्याला तिच्या नावाची, तिच्या फोटोची, तिच्याच गाण्यांची अख्खी रेकॉर्ड काढायची होती. अटी दोन. गाणी सोल म्हणून करायची, कंट्रीचा वास नको. आणि वडिलांवरचं गाणं गाळायचं. ट्रॅम चालवणाऱ्या माणसावरचं गाणं कोण ऐकणार? उत्तर बुधवारपर्यंत हवं होतं.

ते गाणं मी तोवर ऐकलेलं नव्हतं. तिने ते कधी काट्यापुढे ठेवलंच नव्हतं. “उद्या ठेवते,” सोमवारी ती जिन्यात म्हणाली. “काटा पडला तर त्याला नाही म्हणते. नाही पडला तर हो.”

“अगं, एवढा मोठा निर्णय माझ्या पायावर?”

“मग कोणाच्या? त्याच्या?”

आता नेमकं असं झालं होतं की चारच दिवसांपूर्वी मला ऑफिसची नवी गाडी मिळाली होती. खरा काटा गेला, पडद्यावर त्याचं चित्र आलं. तिने नाक मुरडलं, पण बसली. “तू रस्त्याकडे बघ,” म्हणाली आणि गायला लागली. संबंध गाणं गायली, एकदाही न थांबता. मी रस्त्याकडे बघत होते. काटा शंभरवर. चित्रच ते, खिळ्याने ठोकल्यासारखं.

गाणं संपलं. ती खिडकीबाहेर बघायला लागली. मग म्हणाली, “ठीक आहे. मी त्याला हो म्हणते.”

डबा मागच्या सीटवर होता. थालीपीठ होतं. तिला वास आला असणारच. डब्याचं मात्र विचारलं नाही.

आर्नहेमची पाटी दिसली, मी ब्रेकवर पाय ठेवायला गेले आणि लक्षात आलं की पाय कुठेच नाही. दोन्ही पाय जमिनीवर. आदल्या रविवारी नितीनने, म्हणजे माझ्या नवऱ्याने, मला क्रूझ कंट्रोल शिकवलं होतं. बटण दाबलं की ठरवलेला वेग गाडीच राखते. सकाळी महामार्गाला लागताच मी मोठ्या कौतुकाने ते लावलं होतं.

मी तिला सांगितलं. 

“म्हणजे एवढा वेळ मी एका बहिऱ्या गाडीपुढे गायले?”

“हो.”

“बूरव्राउ!” ती ओरडली, आणि मग इतकी हसली की टोपी पायाशी पडली. संध्याकाळी परत येताना पुन्हा परीक्षा घ्यायची ठरली.

“पण आता मला माहीत आहे,” मी म्हटलं. “मी मुद्दाम हळू केलं तर?”

“तू इंजिनियर आहेस. तुला मुद्दाम काही जमत नाही.”

खरं सांगायचं तर मी उलटं ठरवलं होतं. रेकॉर्ड निघावी असं मला वाटत होतं. या वयात दुसरा कोण येणार होता विचारायला? म्हणून मी पाय घट्ट रोवला. शंभर म्हणजे शंभर.

ती गायली. गाणं साधं होतं. ट्रॅम घराच्या कोपऱ्यावरून जायची. तिथे थांबा नव्हता, रुळावर कोणी नसायचं, तरी वडील तिथे एकदा घंटा वाजवायचे. खिडकीत बसलेल्या पोरीला कळावं म्हणून, की बाबा जातोय, झोप आता. बस, एवढंच. मी पाय रोवून होते. मग मागच्या गाडीने दिवे चमकवले.

“सत्तर,” ती हळूच म्हणाली.

पार्किंगमध्ये उतरल्या उतरल्या तिने त्या माणसाला फोन लावला आणि नाही म्हणाली. त्याने कारण विचारलं असावं. “कारण सत्तर,” तिने सांगितलं आणि फोन ठेवला. मग मागचं दार उघडून म्हणाली, “डब्यात काय आहे?”

तो माणूस पुन्हा आला नाही. रेकॉर्ड तिने स्वतःच केली, आर्नहेमच्या एका चर्चच्या खोलीत, शाळेतले विद्यार्थी आणि एक निवृत्त दंतवैद्य घेऊन. हे गृहस्थ स्टील गिटार वाजवायचे. ते वाद्य मला तेल न घातलेल्या दारासारखं वाटतं, पण दंतवैद्याला तो आवाज जमणारच. ती रेकॉर्ड कशी कोण जाणे अमेरिकेत पोचली. ज्या गावाने तिला पलीकडचं शहर दाखवलं होतं, त्याच गावातल्या एका छोट्या सभागृहाने तिला गायला बोलावलं. तीन आठवड्यांसाठी गेली, ती तिकडचीच झाली.

विमानतळावर मीच सोडलं. “तिकडे काट्याकडे कोण बघणार?” मी विचारलं.

“तिकडे काटा मैलांचा असतो, बूरव्राउ. तिथे सत्तर म्हणजे सुसाट. मला सगळं नव्याने शिकायला लागणार.” मग वाकून माझ्या गालाला तीनदा गाल लावला, इथे लावतात तसा, आणि टोपी सावरत आत गेली. दारावरच्या माणसाने तिला काही विचारलं. ती काय म्हणाली ते ऐकू आलं नाही, पण तो हसला.

खालच्या मजल्यावर आता चेन्नईचं एक जोडपं राहतं. सज्जन आहेत. रेल्वेने जातात.

मी अजून मंगळवारी आर्नहेमला जाते. मागच्या महिन्यात असंच जाताना रेडिओवर बातम्या संपल्या आणि निवेदकाने तिचं नाव घेतलं, उच्चार चुकवत. मग ते दाराचं करकरणं, मग ती. ट्रॅम कोपऱ्यावर आली, घंटा वाजली, आणि मागून एका ट्रकने केवढ्यांदा तरी हॉर्न दिला. मी दचकून शेजारच्या सीटकडे बघितलं. तिथे डबा होता.

मग काट्याकडे मीच बघितलं. साठ.