पावलं बुजेपर्यंत

मार्चमधला शनिवार, सकाळची वेळ. हजर: मी, नवरा, लेक आणि समोरच्या दारातल्या आपा. पाणी, चटया, इडल्या, सगळं तपासून घेतलेलं. शारजाच्या बाहेर वाळवंटात गाडी थांबली आणि आपांनी नेहमीसारखा तळहात वर केला. "थांबा. वाऱ्याला येऊ दे."

आपा मूळच्या रत्नागिरीकडच्या. शारजातल्या अल मजाज भागात आमच्या शेजारी राहायच्या. नोकरी ड्राफ्टिंगची, म्हणजे इमारतींचे नकाशे काढायची, आणि सुट्टीच्या दिवशी जमिनीच्या फिल्म काढायच्या. तुम्ही म्हणाल, डॉक्युमेंट्री. मीही तेच म्हटलं होतं.

"नाही गं बाय, त्यात कोणी बोलत नाही."

एका फिल्ममध्ये खाडीकाठची खारट जमीन नुसती वाळत जाते. ती बघता बघता मी पालक निवडला. आपांच्या ते लक्षात आलं. "चालेल," म्हणाल्या, "पालक संपेपर्यंत तरी बसलीस."

त्या शनिवारचा शॉट साधा होता. वाळूत पावलं उमटवायची आणि वारा ती बुजवेपर्यंत कॅमेरा हलवायचा नाही. पुढे एका हॉलच्या भिंतीवर हा शॉट दिसणार होता आणि समोरच्या भिंतीवर आपांच्या गावच्या किनाऱ्यावर भरतीनं पुसली जाणारी पावलं. बघणारा मधे उभा.

"किती वेळ लागेल?" मी विचारलं.

"मला काय ठाऊक? वाऱ्याला विचार."

"आपा, वाळू काही पळून जात नाही," नवरा म्हणाला.

"तीच तर पळते, बाबा."

दुपारी लेकीचा क्लास होता. पावलं अर्धीच बुजली होती. मी म्हटलं, "खलास, आपा. बाकीचं पुढच्या वेळी." त्यांनी कॅमेरा आवरला.

पुढची वेळ आलीच नाही. रमजान, परीक्षा, मग उन्हाळा. मग साठी झाली म्हणून ऑफिसनं आपांना निरोप दिला. गावी परत जाताना दोनातला एक कॅमेरा त्यांनी माझ्या हातात ठेवला.

"गावची भिंत मी करते, इथली तू कर. काही करायचं नाहीये. नुसतं थांबायचं."

नेमकं तेवढंच मला जमत नाही. एकदा गेले आणि गाडीत बसून ऑफिसचे मेल बघत राहिले. बाहेर आले तर पावलांवरून उंट गेले होते. दुसऱ्यांदा वारा पडला, म्हणून मी चक्क चटईनं वारा घातला. लेक म्हणाली, "मम्मा, दॅट्स चीटिंग." तरी क्लिप पाठवली.

आपांचं उत्तर आलं, "हा वारा ओळखीचा वाटतो, बाय."

गावची भिंत त्यांनी केव्हाच पूर्ण केली. गेल्या आठवड्यात त्यांचा व्हॉइस मेसेज आला. गुडघे, आंबे, लेकीची चौकशी. शॉटबद्दल एक शब्द नाही. शेवटी तरी विचारलं असेल म्हणून मी तो पुन्हा ऐकला.

उद्या शनिवार. वारा सुटेल म्हणतात. सकाळी लेकीला क्लासला सोडायचंय, मग गाडी सर्व्हिसिंगला द्यायचीय. शॉट राहिलाय.