खंडेनवमीला पुसलेल्या सामाईक फायली

नव्वदच्या दशकाच्या शेवटी मी डोंबिवलीत घरी बसून लहानसहान प्रोग्रॅम लिहून द्यायचो. अंगात रग होती आणि राग नाकाच्या शेंड्यावर. कोपरीतल्या एका पॅथॉलॉजी लॅबला रिपोर्ट छापायचा प्रोग्रॅम दिला होता. तो चालवायच्या तिथल्या टायपिस्ट ताई, कोळीवाड्यातल्या, माझ्याहून पंधराएक वर्षांनी मोठ्या. टाइपरायटरवर हात बसलेला, माउस मात्र विंचू धरावा तसा धरायच्या. डॉक्टरांनी त्यांना बजावलं होतं: दिवाळीपर्यंत कॉम्प्युटर जमला तर ठीक, नाहीतर शिकलेली मुलगी ठेवीन. घरात कमावत्या त्या एकट्याच.

दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांचा फोन आला. "सर, प्रोग्रॅम उघडतच नाही हो. कुठलीतरी फाइल सापडत नाही म्हणतोय."

"कशालातरी हात लावला असणार तुम्ही!" मी फोनवरच खेकसलो आणि फ्लॉप्यांचा डबा घेऊन निघालो.

खरं सांगायचं तर आम्ही प्रोग्रॅमवाले सगळं स्वतः लिहीत नव्हतो, लिहिल्याचा आव तेवढा आणायचो. पडद्यावरची बटणं, तक्ते, छपाई हे सगळं दुसऱ्यांनी लिहून ठेवलेल्या सामाईक फायलींतून यायचं. त्या फायलीही 'रनटाइम' नावाच्या आणखी एका फायलीशिवाय जागच्या हलत नसत. आमच्या बिल्डिंगमध्ये नळ घरोघरी, पण गच्चीवर टाकी एक आणि तिच्यात पाणी चढवणारा पंपही एकच, तसं.

कोपरीला जाऊन बघतो तर टाकीही नाही नि पंपही नाही. रनटाइमसकट सगळ्या फायली गायब. मॉनिटरला झेंडूची माळ, कीबोर्डवर हळद-कुंकू.

"खंडेनवमीला मायक्रोस्कोप, कपाटं, सगळं पुसून काढलं," ताई हळूच म्हणाल्या. "म्हटलं, पूजा करायची तर कॉम्प्युटर पण आतून साफ नको?"

पडद्यावरची कचऱ्याची टोपलीसुद्धा त्यांनी रिकामी केली होती. सणासुदीला घरात कचरा ठेवत नाहीत.

मी तोंड सोडणार, तोच त्यांनी एक वही पुढे केली. शिकवताना मी जे जे बोललो ते सगळं सुवाच्य अक्षरात उतरवलेलं. एका ओळीवर त्यांनी बोट ठेवलं: 'आपली फाइल एकच. बाकी सगळा पसारा.' वाक्य माझंच होतं. रनटाइम समजावत बसायचा कंटाळा, म्हणून दिलं होतं ठोकून.

तेवढ्यात डॉक्टर आत आले. "काय झालंय?"

"व्हायरस," मी म्हणालो. तेव्हा आमच्या धंद्यात सगळी पापं व्हायरसच्या माथी मारायची पद्धत होती. ताईही वाचतील, माझीही झाकली मूठ राहील.

"व्हायरस नाही, डॉक्टर," ताई म्हणाल्या. "साफसफाई करताना फायली मी पुसल्या."

वही त्यांनी मिटून पोटाशी धरली होती. माझ्या वाक्याबद्दल चकार शब्द काढला नाही.

"बाई, मी दिवाळीपर्यंत थांबणार होतो," डॉक्टर म्हणाले. "पण आता..."

मला लाज वाटली. रस्त्यात कोणीतरी कानफटात द्यावी तशी. "त्यांना तसं मीच शिकवलं होतं," मी म्हणालो. "वहीत बघा. चूक माझी आहे."

ताई वही देईनात. डॉक्टरांनी ती मागून घेतली, ओळ वाचली आणि वही माझ्यापुढे धरली. "शिकायची गरज यांना नाही, तुम्हाला आहे," ते म्हणाले. मग ताईंकडे वळून, "बाई, ते दिवाळीचं विसरा. बाहेर पेशंट थांबलेत, तोवर टाइपरायटरवर काढा रिपोर्ट."

दुपारी प्रोग्रॅम सुरू झाल्यावर ताई शेजारी खुर्ची ओढून बसल्या. "आता सांगा, कुठली फाइल कशाला. सावकाश सांगा."

तासभर सांगत होतो. दोन फायली नेमक्या काय करतात, ते मलाही सांगता आलं नाही.

"विचारून या," त्या म्हणाल्या आणि वहीत त्या दोन फायलींपुरती जागा कोरी ठेवली.