दरीपलीकडचा कुकारा

ती घटना आठवली की आजही माझे कान गरम होतात.

चोपड्याच्या वर, सातपुड्यात आमची चौकी होती. एकदा खबऱ्या माझ्या कानाशी लागला. "साहेब, एक म्हातारा रोज सकाळी कड्यावरून कुकारा देतो. दरीपलीकडून लगेच उत्तर येतं. गांजाचं शेत असणार, लिहून घ्या!"

मी मिशीवरून हात फिरवला. दुसऱ्या सकाळी डोक्याला पानं खोवून स्वतः झुडपात बसलो. नाटक कंपनीत असतो तर टाळ्या पडल्या असत्या. म्हाताऱ्याचा कुकारा गेला, पलीकडून उत्तर आलं, आणि आम्ही झडप घातली.

चौकीत मी टेबलावर काठी आपटली. "बोल आबा, काय इशारा करतोस?"

"मी शे, इतलंच सांगस."

"कोणाला?"

"बहीणले. बठ्ठी वाडी, सारी मानसं, खाले ऱ्हावाले गयी. ती त्या टेकडीवर एकटी, मी आठे. हाक गयी का तिले समजस, भाऊ जित्ता शे."

हवालदार म्हणाला, "वा आबा, फोन कंपनीच काढली की!" सगळे हसले. सर्वांत मोठ्याने मी.

संध्याकाळी त्याने हात जोडले. "साहेब, सकायले माले कड्यावर जाऊ द्या. हाक नही गयी तं ती माले शोधाले दरीमा उतरी पडी. तिना पाय धड नहीत."

मला वाटलं, साथीदाराला सावध करायचा डाव. स्टेशन डायरीत नोंद न घेता मी त्याला चौकीतच बसवून ठेवलं.

सकाळी त्याच्याशिवाय आम्ही कड्यावर गेलो. पलीकडून कुकारा आला. थोडं थांबून पुन्हा आला. मग पुन्हा. मग बंद.

"पळाला साथीदार!" म्हणत मी माणसं घेऊन दरीत उतरलो. पलीकडच्या उतारावर एक म्हातारी खडकाला टेकून बसली होती. पाऊल उलटं वळलेलं, कमरेला फडक्यात भाकर. गणवेश पाहून ती घाबरली नाही, तिने पाणीही मागितलं नाही.

"मना भाऊ शे ना?"

तपासाचा उलगडा तो एवढाच. गांजाचं एक पानही सापडलं नाही.

म्हाताऱ्याला सोडून दिलं, तिला आम्ही झोळीतून खाली नेलं. पाय नीट सांधला नाही. ती खालच्या वस्तीतच राहिली, टेकडीवर परत गेलीच नाही. पुढे गस्तीवर म्हातारा मला दिसायचा. सकाळी कड्यावर यायचा, समोर बघायचा आणि हाक न देता वळायचा. मला मात्र "रामराम साहेब" म्हणायचा.

चौकशीत खरं काढावं लागतं, असं मी नव्या पोरांना शिकवत असे. त्या म्हाताऱ्याने पहिल्याच प्रश्नाला खरं सांगितलं होतं.

त्या दिवशीच्या डायरीत त्याच्या नावापुढे काही नाही, कारण तिच्यात त्याचं नावच नाही. ती नोंद, उशिरा का होईना, आज इथे करतो आहे.