फुलांच्या कागदाखालचा हात

तारखा माझ्या ध्यानात राहत नाहीत, भिंती राहतात. हैदराबादच्या पोलीस ॲक्शनला काही वर्षं झाली होती. माझं नवीनच लग्न झालेलं. यजमानांना मंठ्याच्या शाळेत मास्तरकी मिळाली आणि आम्ही एका मारवाडी घरात भाड्याने दोन खोल्या घेतल्या. आतल्या खोलीच्या एका भिंतीला कागद लावलेला होता. त्यावर निळ्या वेली, पिवळी फुलं आणि मधूनमधून एक लांब शेपटीचा पक्षी, आपल्या शिवारात कधी न दिसलेला. घनसावंगीजवळच्या माझ्या माहेरी भिंती म्हणजे पांढऱ्या मातीने सारवलेल्या. भिंतीनेही नक्षी नेसावी, याचं मला फार अप्रूप वाटलं.

दुपारी यजमान शाळेत गेले की मी चटई टाकून त्या भिंतीसमोर आडवी व्हायची. झरोक्यातून उन्हाचा पट्टा यायचा आणि सावकाश सरकत जायचा. ज्या पक्ष्यावर तो पडेल तो जागा झाल्यासारखा वाटायचा. डोळे मिटता मिटता वेली हलायच्या, कुठून तरी पाण्याचा आवाज यायचा, आणि मी मंठ्यात आहे की आणखी कुठे हे कळेनासं व्हायचं. भाकरी करपल्याच्या वासाने मी कितीदा जागी झाले असेन! यजमान म्हणायचे, "तुझं त्या भिंतीशीच लग्न लावायला पाहिजे होतं."

मालकीणबाईंना मी काकीजी म्हणायची. सगळं घर त्यांना वचकून असे, पण माझ्याशी त्या मायेने वागायच्या. लोणचं-पापड घेऊन यायच्या, गप्पा मारत बसायच्या, मात्र बसायच्या त्या भिंतीकडे पाठ करून. मला वाटे, यांना काही हौसच नाही.

एका पावसाळ्यात कागद फुगला. कान लावला तर आत कुरकुर कुरकुर. वाळवी! मी काकीजींना सांगितलं तर त्यांनी येऊन भिंतीवरची एक जागा बोटाने दाखवली. मग म्हणाल्या, "निकालावाच लागंल मंग. पर बेटा, आस्ते निकाल. जल्दी बिलकुल करू नको. त्याच्याखाली माझ्या पोरीचा थापा हाय."

त्यांच्यात लेक सासरी निघाली की कुंकवात उजवा पंजा बुडवून माहेरच्या भिंतीवर उमटवून जाते. तो थापा. दर दिवाळीला चुना द्यायचा तो थाप्याभोवतीची जागा सोडून. काकीजींची ती एकुलती एक लेक पहिल्याच बाळंतपणात सासरीच वारली. तिचा फोटोही काढलेला नव्हता. पुढे रझाकारांच्या धामधुमीत हे कुटुंब राजस्थानात आपल्या गावी जाऊन राहिलं. परत येऊन बघतात तो त्या वेळच्या भाडेकरूंनी भिंतीला फुलांचा कागद लावलेला.

"तवाच का नाही काढून घेतला, काकीजी?"

"त्यांनी हौसेनं लावला व्हता, काय बोलू? आन् खरं सांगू? मला भेव वाटलं. काढला आन् खाली काहीच न्हाई निघालं तर?"

त्या दिवसानंतर मी भिंतीसमोर झोपू शकले नाही. डोळे मिटले की वेलींच्या मागे कुणीतरी उभं आहे असं वाटायचं. भीती नाही वाटली कधी. उलट वाटायचं, इतके दिवस आपण हिच्याच सोबतीने झोपत होतो.

कागद कणकेच्या खळीने चिकटवलेला होता. ओला केला असता तर झटक्यात निघाला असता, पण पाण्याने कुंकू वाहून जायचं. म्हणून मी कोरडाच काढायला घेतला. उलथन्याची कड हळूच आत सारायची, फुंकर घालायची, चिमटीत धरून ओढायचं. फुलांच्या कागदाखाली जुन्या उर्दू वर्तमानपत्रांचा थर होता. रोज दुपारी थोडी थोडी भिंत उघडी व्हायची आणि फुलांचा कचरा माझ्या मांडीवर पडायचा. पक्षी फाटताना मला खरंच वाईट वाटायचं. काकीजी उंबऱ्यात बसून पाहत असायच्या. आता त्या पाठ करत नव्हत्या.

शेवटी काकीजींनी बोटाने दाखवली होती तेवढीच जागा उरली. त्या दिवशी त्या न्हाऊन, डोक्यावर पदर घेऊन आल्या. हातात तांब्या. शहागडहून आणलेलं गोदावरीचं पाणी त्यांनी देवघरात जपून ठेवलं होतं. आमच्याकडे तिला गंगाच म्हणतात. लेकीचा हात उघडा करायचा, तर आधी गंगा शिंपडायला नको? त्यांनी ओंजळीने भिंतीवर पाणी मारलं. एकदा मारलं, पुन्हा मारलं, तोंडाने काही पुटपुटत मारतच राहिल्या. इतके दिवस पाण्याचा थेंब लागू न देणाऱ्या आम्ही दोघी, पण हेही पाणीच आहे हे एकीच्याही मनात आलं नाही.

कागद अख्खाच्या अख्खा सुटून माझ्या हातांवर आला. भिंतीवर ओल होती आणि एक फिकट गुलाबी डाग. हात नव्हता.

काकीजी मटकन खाली बसल्या. रडल्या नाहीत. "गेली," एवढंच म्हणाल्या. मी हातातला ओला कागद सावरायला गेले, तर माझ्या दंडाला लाल लागलेलं दिसलं. मी कागद उलटा केला. उर्दू अक्षरांवर पाचही बोटं होती. लहानसा पंजा, करंगळी जराशी वाकडी.

"काकीजी, बघा!"

मी कागद दोन्ही हातांनी त्यांच्यासमोर उभा धरला. त्या उठल्या, आणि थाप्यावर ठेवायला त्यांनी उजवा हात पुढे केला. तो जुळेना. अंगठ्यावर करंगळी येत होती. भिंतीवरचा हात कागदावर उलटा उमटला होता. ज्या बाईने शुभाच्या कामाला डावा हात कधी लावला नव्हता, तिने डाव्या हातातल्या बांगड्या मागे सारल्या आणि तो हात कागदावर ठेवला. अंगठ्याला अंगठा लागला, बोटांना बोटं. समोर उभ्या असलेल्या माणसाच्या तळव्याला तळवा लावावा, तसा.

"जाताना भिंतीकडं तोंड करून थापा दिल्ता," त्या म्हणाल्या. "मला पाठच दिसली व्हती तिची. आता बघ, माझ्याकडं तोंड करून उभी राह्यली."

माझे हात भरून आले होते. पण काकीजींनी आपला हात काढला नव्हता, म्हणून मी कागद तसाच धरून ठेवला.